आग्रहाचं यंत्र

मुकुंद पेठकर गेले ते सभ्यपणामुळे. डॉक्टरांच्या कागदावर हृदयविकाराचा झटका असं लिहिलं आहे आणि ते खोटं नाही. पण झटका आला तेव्हा त्यांच्या मनगटावरच्या माझ्या यंत्राने त्यांना विचारलं होतं, "तुम्हाला मदत हवी आहे का?" त्यावर ते म्हणाले होते, "नको नको, बसतो जरा. कशाला उगीच कोणाला त्रास." यंत्र म्हणालं, "ठीक आहे. काळजी घ्या," आणि गप्प बसलं. चार तासांनी गुराख्यांना ते कारवीच्या झुडपाला टेकून बसलेले सापडले. पाण्याची बाटली नीट झाकण लावून शेजारी ठेवलेली होती.

ते ध्वनिमुद्रण मी अकरा वेळा ऐकलं. यंत्राचं काहीच चुकलं नव्हतं. हीच गोष्ट मला झोपू देईना.

यंत्राचं नाव 'साद'. दिसायला घड्याळाच्या पट्ट्यासारखं. डोंगरात एकट्यादुकट्याने फिरणाऱ्यांसाठी साताऱ्यात आम्ही आठ जणांनी ते बनवलं. संकटाचा निरोप पाठवणं हा आता फार अवघड प्रश्न राहिलेला नाही. दरीच्या तळाशी फोन चालत नाही, पण वर आभाळाची चिंचोळी पट्टी दिसते आणि त्या पट्टीतून दर चार-पाच मिनिटांनी एखादा उपग्रह सरकत जातो. तो डोक्यावर आला की साद आपला निरोप अर्ध्या सेकंदात वर फेकते. अवघड आहे ते निरोप कधी पाठवायचा हे ठरवणं. पूर्वीच्या यंत्रांना बटण असायचं. पण ज्याला बटण दाबायची गरज असते त्याचा हात मोडलेला असतो, नाहीतर शुद्ध गेलेली असते, नाहीतर त्याला लाज वाटत असते. म्हणून आम्ही बटण काढून टाकलं. पट्टा नाडी मोजतो, घामातले क्षार मोजतो, पडण्याचा धक्का ओळखतो आणि स्वतःच ठरवतो.

पहिल्या वर्षी तो भलतंच ठरवायचा. कोणी धापकन दगडावर बसलं की हाक, कोणी बायकोशी कड्यावर भांडलं की हाक. घाटमाथ्यावरच्या बचाव पथकातली माणसं दोर खांद्यावर टाकून तीन-तीन तास चढायची आणि वर पाहावं तर साहेब भेळ खात बसलेले. शेवटी माझ्या वडिलांनीच मला फर्मावलं, "आधी माणसाला विचारायला शिकव तुझ्या त्या पट्ट्याला. माणूस नको म्हणाला तर आमची माणसं उतरणार न्हाईत."

माझे वडील म्हणजे आप्पा सपकाळ. केतकीच्या कड्याखाली भेकरवाडी आहे, तिथले. आयुष्यभर पायी टपाल वाटलं आणि त्याच पायांनी तीस वर्षं बचाव पथक चालवलं. सत्तर लोकांना त्यांनी जिवंत वर काढलं. सत्तर हा आकडा ते कधी सांगत नाहीत. सांगतात तो एक, बाळू शेलारचा. बावीस वर्षांपूर्वी केतकीच्या कड्यावर कोणी तरी अडकल्याची खबर आली. आप्पांचा जोडीदार बाळू दोर लावून उतरला आणि वरून दगड सुटून जागीच गेला. अडकलेला माणूस अडकलेला नव्हताच. दुसऱ्या वाटेने उतरून तो हॉटेलात जेवत होता. तेव्हापासून आप्पांचा एकच नियम होता. विचारल्याशिवाय कोणी खाली उतरायचं नाही.

म्हणून आम्ही विचारणं घातलं. माणूस शुद्धीवर असेल तर साद विचारणार, आणि नको म्हटलं की नको. परदेशातल्या सगळ्या यंत्रांत असंच असतं. नकाराचा मान राखावा, माणसाच्या मर्जीवर यंत्राने कुरघोडी करू नये. मला ते फार पटलं होतं. त्यावर मी दोन परिषदांत भाषणंही ठोकली.

आणि मग पेठकर गेले.

त्यांच्या पत्नीला भेटायला मी सांगलीला गेले. काय बोलायचं ते वाटेत चारदा घोकलं होतं. शैलजाताईंनी दार उघडलं, मला बसवलं आणि विचारलं, "चहा टाकू?"

"नको, नको," मी म्हटलं. "तुम्ही कशाला उठताय."

त्या उठल्या. आत भांड्यांचा आवाज झाला. चहा आला, सोबत खारी आली. मी कप हातात घेतला, घोट घेतला आणि घशाशी आलेलं सगळं घोकलेलं भाषण विसरले. खरंच, मला तो चहा हवा होता. सकाळपासून पोटात काही नव्हतं.

शैलजाताई समोर बसून माझ्याकडे पाहत होत्या. "तुम्ही आत्ता नको म्हणालात," त्या म्हणाल्या. "मी ऐकलं का?"

मी हातातल्या कपाकडे पाहिलं.

"अठ्ठावीस वर्षं संसार केला मी त्यांच्याबरोबर. एकदाही पहिल्या विचारण्यात हो म्हटलं नाही त्या माणसानं. पोळी वाढू का, नको. डॉक्टरकडे जाऊ या का, नको. तिसऱ्यांदा विचारायचं नसतं हो, वाढायचं असतं. तुमच्या त्या पट्ट्याला एवढंही कोणी शिकवलं नाही?"

त्या रडल्या नाहीत. मी मात्र रडले, त्यांच्या घरात, त्यांची खारी खात. पुढे कधी तरी त्याची लाज वाटेल असं वाटलं होतं, पण वाटली नाही.

आपल्याकडे पहिला नको हा नकार नसतोच. समोरच्याला माघार घ्यायची मोकळीक द्यावी म्हणून तो म्हणायचा असतो. हे मला पाचव्या वर्षापासून माहीत होतं. फक्त यंत्र बनवताना मी ते बाहेर चपलांपाशी काढून ठेवलं होतं.

पुढचं सगळं वर्ष मी नको गोळा केले. लग्नाच्या पंगती, बारशी, सत्यनारायण, जिथे म्हणून कोणी कोणाला वाढतं तिथे परवानगी घेऊन ध्वनिमुद्रण लावून बसले. माझा दीर म्हणाला, "वहिनी, जेवायला बोलावलंय की पंचनाम्याला?" साडेसहा हजार नको जमले. प्रत्येकाच्या पुढे नोंद होती, शेवटी त्याने ताटात घेतलं की नाही. ते आम्ही संगणकाला ऐकवले. आवाजाचा कंप, प्रश्न आणि उत्तर यांमधला पाव-अर्ध्या सेकंदाचा अडखळा, श्वास, या सगळ्याचा उपयोग झाला. पण खरी मेख शब्दांत निघाली. लटका नको समोरच्याबद्दल बोलतो. तुम्ही कशाला उठता, उगीच तुम्हाला त्रास, बाकीच्यांना वाढा. खरा नको स्वतःबद्दल बोलतो. माझं पोट भरलंय, मला गोड चालत नाही, मला नको. एवढ्या एका खुणेवर दहांतले साडेआठ ओळखू येत होते.

मग साद आग्रह करायला शिकली. आधी विचारायची, मदत पाठवू का? लटका नको आला तर अर्ध्यावर यायची. घरच्या कोणाला नुसतं कळवून ठेवू का? पुन्हा लटका आला तर विचारणं बंद. 'मी कळवते आहे,' एवढं सांगून निरोप वर. खरा नको आला तर मात्र आपण गप्प बसायचं. नुसतं गप्प नाही, त्या माणसाचं ठिकाणही कुलूपबंद करायचं, म्हणजे कोणी चौकशा करत त्याच्यामागे जाऊ नये. हे कुलूप आप्पांमुळे आलं.

ते असं झालं. नवा पट्टा घेऊन मी भेकरवाडीला गेले होते. आप्पा तेव्हा चौऱ्याहत्तरचे. आई जाऊन सहा वर्षं झाली होती. शेजारच्या घरात कमळाआत्या, आप्पांची धाकटी बहीण, तीच दोघांचा स्वयंपाक करायची. दर गुरुवारी आप्पा एकटेच केतकीच्या कड्यापर्यंत चढून जायचे, बाळू शेलार गुरुवारी गेला म्हणून. कोणी सोबत आलेलं त्यांना खपायचं नाही.

मी पंगतीचा सगळा शोध त्यांना हौसेने सांगितला. ते खळखळून हसले. मग पट्टा उलटसुलट करून पाहिला.

"आणि एखाद्याला खरंच नको असंल तर?"

"तर ओळखेल की."

"आन् चुकलं तर? माझं म्हातारपण, माझा डोंगर. मी तिथं निवांत बसलोय आणि तू माझ्यापायी चार जणांच्या पोरांना कड्याला लोंबकळायला लावणार. आग्रह ताटात बरा असतोय, वृंदा. भाकरी जास्तीची झाली तर कुत्र्याला घालता येती."

त्याच रात्री मी तिथे बसून कुलूप घातलं. आणि चाचणीसाठी एक पट्टा त्यांच्याच हाताला बांधला. चाचणीच्या पट्ट्यांवरचं सगळं बोलणं, फोनची रेंज असेल तिथून, लगेच माझ्याकडे येई, हे त्यांना ठाऊक होतं.

निघताना मी विचारलं, "पुढच्या रविवारी येऊ का?"

"नको, तू कामात असतीस."

मी गेले नाही. त्यानंतर फोनवर दर वेळी विचारायची, दर वेळी तेच उत्तर यायचं. पाच महिने. साडेसहा हजार नको ऐकलेली बाई मी. घरचा एक मला ओळखता आला नाही, की ओळखायचा नव्हता, कोण जाणे.

जानेवारीतल्या एका गुरुवारी दुपारी पावणेतीनला माझ्या पडद्यावर चाचणी पट्टा क्रमांक चार लाल झाला. पडणे, अंदाजे चार मीटर. नाडी एकशे वीस. शुद्ध आहे. कड्यावर फोनची रेंज असते; खाली बोलणं उमटू लागलं.

"मदत पाठवू का?"

आधी बराच वेळ नुसता श्वास. मग, "नको. पोरं शेतात असतील. उन्हाचं कशाला तंगडवायचं त्यांना."

लटका नको, यंत्राने नोंदवलं. बरोबर.

"तुमच्या मुलीला नुसतं कळवून ठेवू का?"

"नको गं बाई. तिला कामं असत्यात."

पुन्हा लटका. आता साद विचारणार नव्हती. 'मी कळवते आहे,' असं ती म्हणाली, आणि उपग्रह माथ्यावर यायच्या आत आप्पा सावकाश, एकेक शब्द पाटीवर लिहावा तसे बोलले, "मला दुखत न्हाई. मला तहान न्हाई. मला हितं बसायचंय. मला नको."

खरा नकार, यंत्राने लिहिलं. खात्री चौऱ्याण्णव टक्के. पडदा हिरवा झाला आणि ठिकाणाच्या रकान्यात कुलूप आलं.

मीच त्यांना किल्ली दिली होती. स्वतःबद्दल बोललं की यंत्र माघार घेतं, हे मी चहा पिता पिता त्यांना सांगितलं होतं. चार मीटर पडलेला माणूस दुखत नाही म्हणतो, हे खोटं असणारच. पण शेवटचं वाक्य? मी ते परत लावलं. आवाजात कंप नव्हता, अडखळा नव्हता. मी काही यंत्रापेक्षा शहाणी नाही. मलाही तो खराच वाटला.

म्हणजे दोन्हीपैकी काहीही असू शकत होतं. ते यंत्राला फसवत होते, किंवा मनापासून सांगत होते. पहिलं असेल तर धावायला हवं होतं. दुसरं असेल तर माझ्याच नियमाप्रमाणे हात बांधून बसायला हवं होतं, आणि सूर्य मावळला की त्या उंचीवर चौऱ्याहत्तर वर्षांच्या मोडलेल्या शरीराचं काय होतं हे मला पाठ आहे.

गुरुवार म्हणजे केतकीचा कडा हे ठाऊक होतं, पण कडा मैलभर पसरलेला आणि नेमकी जागा कुलपात. ते कुलूप उघडायचा अधिकार आठ जणांत मला आणि आणखी एकालाच होता. उघडलं तर नोंद राहते, चौकशी होते. पडद्यावर कारणाचा रकाना आला. तो भरल्याशिवाय पुढे जाता येत नाही, ही सोयही मीच केलेली. तांत्रिक बिघाडाचा संशय, असं लिहिता आलं असतं. सहज खपलं असतं. मी लिहिलं, 'मी त्यांची मुलगी आहे.'

ठिकाण उघडलं. केतकीचा कडा, माथ्यापासून पंधरा फूट खाली, बाळू शेलार गेला तो टप्पा.

पथकाचा म्होरक्या आता सूरज ढेबे आहे. आप्पांनीच तयार केलेला गडी. त्याला फोन लावला आणि सगळं खरं सांगितलं, तिसऱ्या नकोसकट. त्याला न सांगता उतरवणं म्हणजे बाळूचाच प्रकार झाला असता. "ते येऊ नका म्हणतायत, सूरज. आणि मला वाटतं खरंच म्हणतायत. ठरवणं तुझ्याकडे."

पलीकडे त्याने कोणाला तरी दोर काढायला सांगितलं. मग तो म्हणाला, "ताई, आप्पांचं नको आमी कधी जेवताना ऐकलं न्हाई, तर आता काय ऐकतोय? दगूड नीट बघून उतरतो. दोन दोर लावतो. तुमी निघा."

पट्ट्यावरून आवाज पाठवता येतो. गाडीत बसता बसता मी आप्पांना एकच शब्द पाठवला, "निघाले." येऊ का असं या वेळी विचारलं नाही.

घाटातला तास आणि वरची पाऊण तासाची चढण मला नीट आठवत नाही. एवढं आठवतं की इतकी वर्षं साताऱ्यात खुर्चीत बसून, उंटावरून शेळ्या हाकत, मी डोंगरातली माणसं वाचवत होते आणि या वाटेवर माझा श्वास दहा मिनिटांत फुलला. माथ्यावर पोचले तेव्हा पावणेपाच झाले होते. सूरज आणि आणखी तिघांनी आप्पांना वर घेतलं होतं. कोणाला खरचटलंही नव्हतं. आप्पा स्ट्रेचरवर आडवे होते, खुब्याशी फळी बांधलेली, चेहरा राखेच्या रंगाचा. माझ्याकडे पाहून त्यांनी मान दुसरीकडे वळवली.

मी शेजारी खाली बसले. सूरज दोर गुंडाळायच्या निमित्ताने लांब गेला.

"मी खरंच नको म्हणालो होतो," आप्पा म्हणाले. "फसवलं न्हाई तुझ्या यंत्राला. पयले दोन तसलेच होते, पण तिसरा खरा होता. बाळूच्या जागी टेकून बसलो होतो. बरं वाटत होतं. म्हटलं, हितंच झालं तर काय वाईट?"

"माहीत आहे," मी म्हटलं. "ऐकला मी तो."

"मग का आलीस?"

गाडीत त्याचं उत्तर शोधलं होतं. मर्जी, नियम, चौऱ्याण्णव टक्के, सगळं उलटंपालटं करून पाहिलं होतं. ते सगळं गाडीतच राहिलं.

"तुम्हाला नको होतं, आप्पा. पण मला हवे होतात."

आप्पांनी हात बाजूला सरकवला आणि माझं मनगट धरलं. हाताला अजून पट्टा होता. नाडी नव्वद दाखवत होता.

"ताई, एक दांडा धरा," सूरजने हाक मारली. मी धरला. चार जणांत पाचवी, दर वीस पावलांवर दम खात मी बापाला डोंगर उतरवला.

चौकशी झाली. माझं कारण तांत्रिक नसल्याचा शेरा बसला आणि सहा महिने कुलपाची किल्ली माझ्याकडून काढून घेतली. योग्यच झालं. सहकाऱ्यांनी सुचवलं की हा प्रसंगही यंत्राला शिकवावा, खऱ्या नकोवरही कधी मात करायची ते. मी नकार दिला, आणि तो खरा नकार होता. पंगतीत तिसऱ्यांदा न विचारता वाढणारी बाई हिशेब करून वाढत नाही. तुम्ही उपाशी उठू नये असं तिला स्वतःला वाटत असतं. सादला काहीच वाटत नाही. तिने पहिले दोन नको ओळखावेत, तेवढं पुष्कळ आहे. तिसऱ्याच्या पुढे माणसानेच जावं, आणि कारणाच्या रकान्यात आपलं नाव घालून जावं.

आप्पांच्या खुब्याचं ऑपरेशन झालं. मी तीन आठवडे भेकरवाडीला राहिले. शेवटच्या दिवशी सकाळी पिशवी भरून ओसरीवर ठेवली. आप्पा काठी घेऊन खुर्चीत बसले होते. अंगणातल्या कोंबड्यांकडे बघत ते म्हणाले, "राहतीस का आणखी दोन दिस?"

चव्वेचाळीस वर्षांत त्यांनी माझ्याकडे मागितलेली ही पहिली गोष्ट. आणि माझ्या तोंडून काय निघावं?

"नको आप्पा. तुम्हाला आणि आत्याला उगीच किती दिवस त्रास..."

बोलता बोलताच मला माझाच नको ऐकू आला. आप्पांनी सावकाश माझ्याकडे मान वळवली. पडल्यापासून पहिल्यांदाच त्यांचे डोळे हसत होते. ते पुन्हा विचारतील म्हणून मी थांबले.

त्यांनी विचारलं नाही. काठी जमिनीवर आपटून शेजारच्या घराकडे तोंड करून हाक दिली, "कमळेऽ, दोन भाकरी जास्त थाप गं. वृंदा हाय."